गव्हाणीत बाळ झोपलं, मग बैलानं कुठं खाल्लं?

नाताळच्या गोष्टींतून भूतदया: चौथीच्या एका वर्गाचं प्रकरण

मिरज तालुक्यातलं एक गाव, डिसेंबरचा दुसरा आठवडा. शाळेच्या मागं वीटभट्टी, पुढच्या रस्त्यानं दिवसभर उसाच्या बैलगाड्या आणि ट्रॅक्टर. मधल्या सुट्टीत चौथीतल्या चार-पाच मुलांनी भट्टीवरच्या एका गाढवीच्या शेपटीला सुतळीनं पत्र्याचा रिकामा डबा बांधला. डबा वाजला तशी गाढवी बिथरली, पाठीवरच्या विटांसकट उधळली आणि डांबरी रस्त्यावर पुढच्या गुडघ्यांवर आपटली. दोन्ही गुडघे सोलवटले, एका गुडघ्याची तर कातडीच लोंबायला लागली. गाढवांचा मालक शाळेत येऊन ओरडून गेला. बाईंनी मुलांना विचारलं, तेव्हा त्यांतला एकजण खरोखर गोंधळून म्हणाला, "गाढवच हाय की बाई ते."

या अभ्यासाची सुरुवात त्या वाक्यापासून करायला हवी. पोरगं दुष्ट नव्हतं. घरी म्हैस आहे, तिला हाक मारून तो वैरण टाकतो. बेंदराला बैलांची शिंगं रंगवायला सगळ्यांच्या पुढं असतो. पण त्याच्या डोक्यात जनावरांची एक उतरंड पक्की बसलेली आहे: बैल देव, गाय आई, म्हैस दुधाची, कुत्रं राखणीचं, आणि गाढव म्हणजे शिवी. भूतदयेचा धडा पाठ करून ही उतरंड हलत नाही, कारण धडा पाठ करतानाही मुलाच्या डोळ्यांपुढं गायच असते.

(गाव आणि शाळा ओळखू येईल असं काही इथं ठेवलेलं नाही. अशा वर्गांत वेगवेगळ्या वेळी जे घडतं ते एका वर्गात आणून जोडलं आहे.)

पहिल्या दिवशी नेहमीचेच उपाय झाले. मुलांना वर्गाबाहेर उभं केलं, 'मी प्राण्यांना त्रास देणार नाही' पन्नास वेळा लिहून घेतलं. दुसऱ्या दिवशी तीच मुलं भट्टीच्या कुंपणापाशी, फक्त जरा लांब उभी राहून, खडे मारताना दिसली. पकडलं जायचं नाही, एवढाच धडा त्यांनी घेतला होता.

नाताळ का निवडला

24 डिसेंबरला शाळेत नाताळचा छोटा कार्यक्रम ठरलेलाच होता. देखावा, दोन गाणी, खाऊ. मिरजेच्या परिसरात नाताळ परका नाही. डॉ. विल्यम वॉनलेस यांनी 1894 साली मिरजेत रुग्णालय सुरू केलं, तेव्हापासून इथल्या कित्येक पिढ्यांचा ख्रिस्ती शेजाराशी संबंध आहे. या वर्गातही दोन मुलं ख्रिस्ती कुटुंबांतली होती. मोठं कारण मात्र दुसरंच. जगातल्या मोठ्या सणांच्या गोष्टींत ज्या गोष्टीच्या चित्रात गाढव हमखास मधोमध उभं असतं, ती येशूच्या जन्माची ही एक. शिवाय ती गोठ्यात घडते. शहरातल्या मुलाला 'मेंजर', म्हणजे जनावरांना वैरण घालायची गव्हाण, चित्र काढून समजवावी लागते. सांगलीच्या पोराला गव्हाण म्हणजे काय हे विचारलं तर तोच हसतो.

इथं एक अडचण आधीच ओळखायला हवी, नाहीतर सगळी मेहनत उलटी जाते. नाताळच्या बहुतेक लोककथांत जनावरं माणसाची सेवा करतात. गाढव येशूच्या आईला, मरियेला, वाहून नेतं, मेंढी लोकर देते, रॉबिन पक्षी शेकोटी पेटती ठेवण्यासाठी पंखांनी वारा घालतो आणि स्वतःची छाती भाजून घेतो. गोष्ट गोड आहे, पण मुलाच्या मनात उरतं ते हेच की चांगलं जनावर म्हणजे आपल्यासाठी झिजणारं जनावर. गाढव तर आधीच झिजत होतं. म्हणून इथं गोष्टी उलट्या बाजूनं सांगायचं ठरलं. प्रत्येक गोष्टीला एकच प्रश्न विचारायचा: त्या रात्री त्या जनावरासाठी कुणी काय केलं?

गोष्टी निवडताना काय टाकलं

सुरुवात चुकीच्या गोष्टीनं झाली. नाताळच्या मध्यरात्री जनावरांना वाचा फुटते, अशी युरोपात जुनी समजूत आहे. ती सांगितली आणि पाच मिनिटांत वर्गाचा तमाशा झाला. कुणी रेकतंय, कुणी हंबरतंय, गाढवाच्या तोंडी शिव्या घातल्या जातायत. गोष्टीतलं गाढव माणसासारखं बोलायला लागलं की मुलांना ते माणूसच वाटतं, आणि भट्टीवरचं गाढव तसं बोलत नाही म्हणून ते पुन्हा 'गाढवच' राहतं. टोरोंटोतल्या संशोधकांनी 2017 साली याच्याजवळचं काही दाखवलं होतं. 4 ते 6 वर्षांच्या मुलांना वाटून घेण्याची गोष्ट वाचून दाखवल्यावर, पात्रं माणसं होती तेव्हा मुलांनी आपले स्टिकर जास्त वाटले. तीच गोष्ट कपडे घातलेल्या प्राण्यांची केली तेव्हा तसा परिणाम दिसला नाही. चौथीची मुलं त्याहून मोठी, तरी शिक्षकानं सावध राहायला एवढं पुरे. जनावराला जनावरच राहू द्यावं: त्याला भूक लागते, तहान लागते, पाय दुखतात, ते घाबरतं. बोलत नाही.

लाल नाकाच्या रेनडिअरची गोष्टही बाजूला ठेवली. 1939 साली शिकागोच्या एका व्यापारी कंपनीनं वाटलेल्या पुस्तिकेतून ती आली. तिच्यात ज्याला सगळे चिडवतात तो धुक्यात उपयोगी पडला म्हणून मान मिळवतो. चिडवलेल्या मुलाला ती आवडते हे खरं, पण आपल्या कामाची नाही. उपयोगी पडलाच नसता तर?

रॉबिनची गोष्ट थोडक्यात सांगून सोडून दिली. मात्र मुलांनी परस्पर रॉबिनचा दयाळ करून टाकला, आणि कौलांवर बसणाऱ्या काळ्या-पांढऱ्या पक्ष्याचं नाव असं का, यावर मधल्या सुट्टीत बरीच चर्चा झाली. तेवढं पदरात पडलं.

खरं-खोटं आधी नीट करून घ्यावं

देखाव्यात गाय-गाढव ठेवताना 'बायबलमध्ये असं लिहिलंय' असं सांगून टाकायचा मोह होतो. तसं लिहिलेलं नाही. लूकच्या शुभवर्तमानात (अध्याय 2) एवढंच आहे की उतारशाळेत जागा नव्हती म्हणून बाळाला गव्हाणीत ठेवलं, आणि जवळच्या रानात मेंढपाळ रात्री कळप राखत होते. बैल नाही, गाढव नाही. मत्तयाच्या शुभवर्तमानात पूर्वेकडचे ज्ञानी येतात, पण ते उंटांवरून आले किंवा तिघेच होते, असं तिथं म्हटलेलं नाही. बैल आणि गाढव आले ते यशया संदेष्ट्याच्या पहिल्या अध्यायातल्या एका ओळीवरून: बैल आपल्या धन्याला ओळखतो, गाढव मालकाची गव्हाण ओळखतं. पुढं चित्रकारांनी आणि लोककथांनी त्यांना गोठ्यात कायमचं आणून बांधलं.

वर्गात हे सांगितल्यानं गोष्ट कमी होत नाही. उलट मुलांना विचारता येतं, "लिहिलेलं नसताना लोकांना गोठ्यात गाढव का दिसलं असेल?" एका मुलीचं उत्तर: "गव्हाण हाय म्हटल्यावर जनावर आसणारच की." जिथं गव्हाण, तिथं तिचा मालक. बाकी सगळी मांडणी या उत्तरावर उभी राहिली.

पहिली तासिका: वाट आणि ओझं

प्रत्येक तासिका 35 मिनिटांची, एका दिवसाआड, अशा चार. पहिलीत फक्त मरियेचा प्रवास. नासरेथहून बेथलेहेम सरळ रेषेत सुमारे 110 किलोमीटर. साताऱ्याहून सांगली जवळपास तेवढीच. वाट चढ-उताराची, खडकाळ. गोष्ट पाच मिनिटांत संपवायची, आणि ती मरियेच्या बाजूनं नाही, खुरांच्या बाजूनं सांगायची: दगड कुठं टोचला, पाणी कुठं मिळालं, ओझं उतरवलं की नाही.

मग एक वीट आणली. मुलानं हात सरळ समोर धरायचा, तळव्यावर वीट, बाकीच्यांनी मोठ्यानं आकडे मोजायचे. बहुतेकांचा हात तिसाच्या आत थरथरायला लागतो. (वीट खाली पडली की पायावर पडते, म्हणून खाली पोतं अंथरावं आणि समोर कुणी उभं राहू नये. एवढी साधी काळजी पहिल्यांदा घ्यायची राहून गेली आणि फरशीचा टवका उडाला.)

पुढची पायरी किराणा दुकानातल्या काट्यावर. वीट 2 किलो 800 ग्रॅम भरली. ओझ्याच्या जनावरांसाठी 1965 चे केंद्राचे नियम आहेत आणि त्यांत गाढवाच्या पाठीवर जास्तीत जास्त 50 किलो असं स्पष्ट लिहिलेलं आहे. मग गणित: 17 विटांचे 47 किलो 600 ग्रॅम, 18 विटांचे 50 किलो 400 ग्रॅम. म्हणजे सतरा. ओली वीट जास्त भरते, म्हणजे त्याहूनही कमी. याच नियमांत, ओझी वाहणाऱ्या आणि गाडी ओढणाऱ्या जनावरांना दिवसाला 9 तासांपेक्षा जास्त आणि सलग 5 तासांपेक्षा जास्त जुंपू नये, आणि पारा 37 अंशांच्या वर असेल तर दुपारी 12 ते 3 कामाला लावू नये, असंही आहे. हे मुलांना कायदा म्हणून सांगण्यापेक्षा वेळापत्रक म्हणून सांगितलं तर चांगलं लक्षात राहतं.

सगळ्यात मोठी चूक इथंच झाली.

भट्टीवर काम करणाऱ्या एका कुटुंबातला मुलगा याच वर्गात शेवटच्या बाकावर बसायचा. डबा बांधलेली गाढवी त्याच्या घरची. सतराचा हिशेब फळ्यावर झाल्यावर कुणीतरी मागं वळून म्हणालं, "यांच्यात वीस-बावीस घालत्यात." अर्ध्या मिनिटात सगळा वर्ग त्याच्याकडं बोट दाखवायला लागला. ज्यांनी गाढवीला पाडलं ती पोरं दयाळू झाली, आणि जिच्या पाठीवर त्याच्या घरची चूल पेटते तिच्याशी त्याचं घर निर्दय ठरलं. दुसऱ्या दिवशी तो शाळेत आला नाही.

भूतदयेच्या धड्यात हे नेहमी घडतं आणि फार कमी वेळा कुणाच्या लक्षात येतं. ज्यांचं पोट जनावराच्या कष्टावर आहे, तीच घरं आरोपीच्या पिंजऱ्यात जातात: उसाचा गाडीवान, भट्टीवाला, धनगर, खाटीक. बाकीच्यांना फुकटचं पुण्य मिळतं. ज्यांच्या घरची साखर त्याच बैलांनी ओढलेल्या उसाची असते, तेही त्यात आले.

दुरुस्ती अशी झाली. बाई भट्टीवर गेल्या, त्या मुलाच्या आईशी बोलल्या, आणि पुढच्या तासिकेला त्यालाच पुढं बोलावलं. शिकवायला. पाठीवर आधी गोणपाटाच्या किती घड्या टाकायच्या, त्या मणक्याच्या दोन्ही बाजूंना कशा पडल्या पाहिजेत म्हणजे वजन मणक्यावर न येता फासळ्यांवर येतं, विटा दोन्ही बाजूंना सारख्या का लागतात, गाढवाच्या मागं का उभं राहायचं नाही. त्यानं पोत्याच्या चार घड्या बाकावर घालून दाखवल्या. मग एकानं विचारलं, "तुमच्यात वीस का घालतात?" तो म्हणाला, "हजारावर पैसं मिळत्यात." यावर वर्गात कुणी काही बोललं नाही, आणि बाईंनीही बोलायला लावलं नाही. ते बरं केलं.

दुसरी तासिका: गव्हाण

देखाव्यासाठी थर्माकोल आणि सोनेरी कागद यायचा होता, तो रद्द करून मुलांनी जुन्या फळ्यांची गव्हाण ठोकली: दोन फूट लांब, एक फूट रुंद, नऊ इंच खोल, चार बुटके पाय. आतल्या बाजूचे खिळे वाकवून ठोकले, नाहीतर बाहुलीचं कापड अडकतंच, शिवाय हात कापतो. आत कडबा भरला. मग कडब्यावर बाहुली ठेवली आणि बाईंनी गोष्ट सांगितली. दोन मिनिटांचीच.

मागून आवाज आला: "मग बैलानं कुठं खाल्लं वो बाई?"

वर्ग हसला. बाईंनी हसू दिलं, आणि मग तो प्रश्न फळ्यावर लिहिला. उत्तर दिलं नाही. ही या पूर्ण प्रकरणातली सगळ्यात मोलाची पाच मिनिटं, आणि शिक्षकानं घाईनं 'बैलानं आनंदानं आपली जागा दिली' असं म्हटलं असतं तर ती तिथंच मेली असती. मुलांची उत्तरं: बैलाला खाली टाकली असंल वैरण. त्याला रात्रीच घातली असंल, मग बाळ ठिवलं. खाल्लंच नसंल, उपाशी राहिला. बाळाच्या अंगाखालचा कडबा हळूच ओढून खाल्ला. शेवटच्या उत्तरावर सगळ्यांचं एकमत झालं, कारण बैल असंच करतो हे सगळ्यांना ठाऊक होतं.

इथंच एक सरळ गोष्ट मुलांच्या तोंडून बाहेर आली. गव्हाण हे बैलाचं ताट आहे. ताट दिलं त्यानं. त्याच्या ताटाचं पुढं काय झालं, हे विचारायला हजारेक वर्षांची चित्रं अपुरी पडतात आणि चौथीतलं पोरगं पुरतं.

घरचा अभ्यास म्हणून निबंध दिला नाही. एक कार्ड दिलं, त्यावर पाहून लिहायच्या चार गोष्टी. जनावराला काल पाणी किती वेळा मिळालं. दावं किती वीत लांब आहे, बसल्यावर मान खाली टेकते का. बसायची जागा ओली की कोरडी. रात्रीची वैरण कुणी टाकली. ज्यांच्या घरी जनावर नाही त्यांनी शेजारच्यांचं पाहायचं किंवा गल्लीतल्या कुत्र्याचं. वीत हे माप मुद्दाम ठेवलं: पट्टी घेऊन गोठ्यात गेलेलं पोरगं पट्टी मोजतं, वीत मोजणारं पोरगं बैलाजवळ बसतं. मारक्या किंवा नुकत्याच व्यालेल्या जनावराजवळ मोठ्या माणसाशिवाय जायचं नाही, हे मात्र कार्डावरच लिहिलेलं असावं.

तिसरी तासिका आणि पालकांचा प्रश्न

मेंढपाळांचा भाग समजवावाच लागला नाही. आटपाडी, कवठेमहांकाळ, माण-खटाव या भागांत सुगी झाली की रानात मेंढरं बसवतात. रात्री वाघर, म्हणजे जाळीचं कुंपण, लावून आत मेंढरं, बाहेर कुत्री, आणि घोंगडी पांघरून राखण करणारा माणूस. बेथलेहेमच्या रानातलं दृश्य याहून वेगळं नव्हतं. राजवाड्याला नाही, रात्री जागणाऱ्या धनगराला पहिली बातमी कळली, हे मुलांना फार आवडलं.

याच सुमारास पालकांच्या व्हॉट्सॲप गटावर प्रश्न आला: "नाताळच्या गोष्टी एवढ्या दिवस कशाला?" असा प्रश्न येणारच, आणि त्याला चिडून उत्तर देऊ नये. उत्तर गेलं ते असं: प्रार्थना नाही, उपदेश नाही. गोष्टी तीन ठिकाणच्या आहेत आणि तिन्हींत तहानलेलं किंवा भुकेलं जनावर आहे. आणि तासिकेत तसंच केलं. काशीहून रामेश्वराला नेण्यासाठी आणलेलं गंगेचं पाणी वाळवंटात तडफडणाऱ्या गाढवाला पाजणारे एकनाथ. पोळी पळवणाऱ्या कुत्र्यामागं तुपाची वाटी घेऊन धावणारे नामदेव. तिसरी गोष्ट वर्गातल्या एका मुस्लिम मुलीनं स्वतःहून सांगितली, घरी ऐकलेली: तहानेनं चिखल चाटणाऱ्या कुत्र्याला पाहून एक माणूस विहिरीत उतरला, आपल्या पायातल्या चामडी मोज्यात पाणी भरलं, तो दातांत धरून वर चढला आणि कुत्र्याला पाजलं. हदीसमध्ये ही गोष्ट आहे. गटावरचा प्रश्न पुन्हा आला नाही.

एकनाथांचं गाढव आणि बेथलेहेमच्या वाटेवरचं गाढव शेजारी-शेजारी ठेवल्याचा आणखी एक फायदा झाला. एकनाथांच्या गोष्टीत गाढव काहीच कामाचं नाही. ते कुणाला वाहून नेत नाही. त्याला फक्त तहान लागली आहे. उपयोग नसलेल्या जनावरालाही पाणी द्यावं का, या प्रश्नावर मुलं बराच वेळ भांडली.

चौथी तासिका: हातानं काय करायचं

आता फ्रान्सिस. असिसीचे संत फ्रान्सिस यांनी 1223 साली इटलीतल्या ग्रेच्चो गावात नाताळच्या रात्री खरी गव्हाण, खरा चारा, खरा बैल आणि खरं गाढव उभं करून देखावा केला. त्यांचे चरित्रकार थॉमस ऑफ चेलानो सांगतात की बादशहाशी बोलता आलं तर नाताळच्या दिवशी पाखरांसाठी वाटेवर धान्य टाकायचा हुकूम मागायचा, अशी फ्रान्सिस यांची इच्छा होती. त्या दिवशी बैल-गाढवांना नेहमीपेक्षा जास्त चारा मिळावा, असंही त्यांना वाटे. नॉर्वेत आजही नाताळला पाखरांसाठी ओटची पेंडी उंचावर बांधतात.

मुलांनी जोंधळ्याची पेंडी बांधायचं ठरवलं आणि लगेच अडली. डिसेंबरात शाळू पोटरीत असतो, कणसात दाणा कुठला? म्हणून खरिपाची बाजरी घेतली: दहा-बारा कणसं, सुती दोऱ्यानं बांधलेली, जमिनीपासून सहा-सात फूट उंच, भिंतीपासून लांब म्हणजे मांजर उडी मारू शकत नाही. नायलॉनचा दोरा नको, त्यात पाखरांचे पाय अडकतात. तीन आठवड्यांनी संक्रांत येते आणि नायलॉन मांजावर बंदी असूनही तो मिळतो. हा धागा तिथपर्यंत नेता येतो. शेजारी पाण्याचं मातीचं पसरट भांडं, दोन इंचांहून खोल नको, मधोमध एक दगड, म्हणजे लहान पाखरू बुडत नाही. पाणी रोज बदलायचं, भांडं काथ्यानं घासायचं.

गाढवीचं काय झालं? गुडघ्यांवर कुणीतरी गाडीचं काळं ऑइल लावलं होतं. ग्रामीण भागात जखमेवर ते सर्रास लावतात. माश्या बसत नाहीत खऱ्या, पण कातडी जळते आणि जखम आत चिघळते. 1962 या क्रमांकावर फोन केल्यावर पशुवैद्यकाची गाडी आली. जखम स्वच्छ धुतली आणि धनुर्वाताचं इंजेक्शन दिलं, कारण घोडा-गाढवाला धनुर्वात इतर जनावरांपेक्षा फार लवकर होतो. रस्त्यावरच्या मातीत सोललेला गुडघा म्हणजे तर आमंत्रणच. डबा बांधणाऱ्या पोरांची शिक्षा बदलली. मालकाच्या परवानगीनं, मोठ्या माणसाबरोबर, मधल्या सुट्टीत भट्टीवरच्या अर्ध्या कापलेल्या पिंपात रोज दोन बादल्या पाणी भरायचं. ओतायचं आणि दहा पावलं मागं यायचं. पहिले तीन दिवस ती पोरांना पाहून पिंपाजवळ आलीच नाही. हे पोरांना लागलं. 'त्रास देणार नाही'च्या पन्नास ओळींनी ते कधीच लागलं नसतं.

उत्साहानं केलेली नुकसानं

दया शिकवली की मुलं खाऊ घालायला धावतात, आणि धोका इथून सुरू होतो. एका पोरानं नाताळचा केक गल्लीतल्या कुत्रीला दिला. केकमध्ये बेदाणे होते. तासगावच्या बेदाण्याचं कौतुक करणाऱ्या जिल्ह्यात हे कुणाला सांगितलं तर खरं वाटत नाही, पण द्राक्षं आणि बेदाणे कुत्र्याची मूत्रपिंडं निकामी करू शकतात. कोणत्या कुत्र्याला किती पुरतील हे आधी सांगता येत नाही. चॉकलेटमधलं थिओब्रोमिनही त्यांना विषारी. कांदा-लसूणही नको. ज्वारी-बाजरीची भाकरी चालते.

गावातल्या एका गाईला मुलांनी एका सकाळी घराघरांतून आणलेल्या चपात्या, भात आणि पीठ दिलं. एक-दोन भाकऱ्यांनी काही होत नाही. पण एकदम इतकं पिष्टमय खाल्लं की पोटात आम्ल साठतं, रवंथ थांबतो, जनावर गळून पडतं. बेंदराला पुरणपोळ्यांनीही हेच होतं, त्यामुळं जुन्या माणसांना ते पटकन पटलं. वैरणच द्यावी, आणि तीही मालकाला विचारून.

देखाव्यात खरं वासरू आणायची टूम निघाली होती. ती मोडीत काढली. आईपासून तोडलेलं वासरू, गुळगुळीत फरशी, स्पीकर, फटाके. फ्रान्सिस यांच्या देखाव्यात यांतलं काही नव्हतं. पाहायचंच असेल तर मुलांनी गोठ्यात जावं.

आणि कुत्र्याचं पिल्लू. एका मुलीनं मावशीकडून नाताळची भेट म्हणून रस्त्यावरचं पिल्लू मागितलं. ब्रिटनमधल्या एका संस्थेनं 1978 साली लोकांना बजावलं होतं की कुत्रं नाताळापुरतं नसतं, ते आयुष्यभराचं असतं. आठ आठवड्यांच्या आत पिल्लू आईपासून काढू नये. आणि आई जवळ असताना काढायला गेलं तर ती चावते, एवढं कारण मुलांना पुरलं. चावलं किंवा ओरखडलं तर वाहत्या पाण्यात साबणानं 15 मिनिटं धुवायचं आणि त्याच दिवशी लस घ्यायला जायचं. हे पाठ करून घ्यावं. खाणाऱ्या, झोपलेल्या, पिल्लांजवळच्या कुत्र्याला हात लावायचा नाही, हेही.

फरक कशावरून ओळखायचा

'प्राण्यांवर दया करावी का?' असं विचारलं तर सगळे 'हो' म्हणतात, पहिल्या दिवशीही म्हणाले असते. म्हणून पाहायच्या गोष्टी वेगळ्या ठेवल्या: बाजरीची कणसं संपल्यावर नवीन कुणी बांधली, कुणी न सांगता पाणी बदललं, कुंपणाजवळ खडे पडलेले दिसतात का. आणि 'गाढवा' ही शिवी. ती थांबली नाही, थांबेल असं मानणं भाबडेपणाचं. फक्त एकदा, शिवी ऐकल्यावर शेवटच्या बाकावरचा मुलगा म्हणाला, "त्ये पन्नास किलो उचलतंय, तू उचलतोस व्हय?" वर्ग हसला, आणि या वेळी त्याच्या बाजूनं.

24 तारखेला देखाव्यात दोन गव्हाणी होत्या. एक बाळाची, दुसरी विटांवर पत्रा टाकून केलेली, उसाच्या ताज्या वाढ्यांनी, म्हणजे शेंड्यांच्या हिरव्या पाल्यानं, भरलेली. मुख्याध्यापकांनी विचारलं, ही कशाला? "बैलाची, सर. त्याची ह्यांनी घेतली न्हवं?" कार्यक्रम संपल्यावर दुसरी गव्हाण शाळेच्या फाटकाबाहेर ठेवली. संध्याकाळपर्यंत एका गाईनं वाढे तर संपवलेच, पण कडेला बर्फ म्हणून डिंकानं चिकटवलेला कापूसही खाल्ला. पशुवैद्यकाला पुन्हा फोन करावा लागला. रवंथ चालू आहे का हे रात्रभर बघत राहा, असं त्यांनी सांगितलं. सकाळी गाय ठीक होती. पुढच्या वर्षीच्या सामानाच्या यादीत कापसावर काट मारून ठेवलेली आहे.